बियाणे रायपूरचे, माहिती कोणाची? जनुकीय माहितीच्या भांडारांपुढील प्रश्न

रायपूर : छत्तीसगडच्या राजधानीतील गोल बाजार हा शहराच्या जुन्या बाजारपेठांपैकी एक. येथील आणि आसपासच्या किराणा दुकानांत ग्राहक नुसता ‘तांदूळ’ मागत नाही. दुबराज, जवाफूल, विष्णुभोग, श्रीराम, एचएमटी असे नाव घेऊनच तो भाव विचारतो. प्रत्येक नावामागे एक वाण, त्या वाणामागे एखादा मुलूख आणि त्या मुलखातील शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या केलेली निवड असते. गोणीवरचे नाव पुसले, तर उरतो तो केवळ पांढरा दाणा. तो कोणत्या मातीत, किती पाण्यावर आणि किती दिवसांत पिकला, हे नुसत्या नजरेने सांगणे कठीण.

सजीवांच्या जनुकीय माहितीचे साठे सांभाळणाऱ्या संस्थांपुढे आज असाच प्रश्न उभा आहे. वनस्पती, प्राणी, जिवाणू आणि माणूस यांच्या पेशींतील संपूर्ण जनुकीय मजकूर, म्हणजे जीनोम, वाचणे गेल्या दोन दशकांत कमालीचे स्वस्त झाले आहे. वाचलेला मजकूर संगणकीय भांडारांत जमा होतो आणि जगभरातील संशोधक तो वापरतात. मात्र, त्या मजकुरासोबत ‘हा नमुना कुठला, कोणी जपला, कोणत्या अटींवर दिला’ ही नोंद नसेल, तर विज्ञानाचा उपयोग अर्धा होतो आणि मूळ राखणदाराचा हक्क पुराव्याविना राहतो. भाताच्या तेवीस हजारांहून अधिक नमुन्यांचा ठेवा असलेल्या रायपूरने या प्रश्नाचा अनुभव दोन दशकांपूर्वीच घेतला आहे.

जीनोमचे भांडार म्हणजे काय?

सजीवाचा जनुकीय मजकूर चार रासायनिक अक्षरांत लिहिलेला असतो. भाताच्या बारा गुणसूत्रांत मिळून अशी सुमारे ३९ कोटी अक्षरे आहेत. माणसात ती सुमारे ३०० कोटींच्या घरात जातात. आजची बहुतेक वाचनयंत्रे हा मजकूर सलग वाचत नाहीत. डीएनएचे लहानलहान तुकडे करून प्रत्येक तुकडा वाचला जातो, चूक राहू नये म्हणून एकच जागा अनेकदा वाचली जाते आणि मग संगणक ते तुकडे एकमेकांशी जुळवतो. त्यामुळे एका नमुन्यातून प्रत्यक्ष जीनोमच्या कितीतरी पट अधिक माहिती तयार होते.

ही माहिती साधारणपणे तीन थरांत साठवली जाते. पहिला थर यंत्रातून निघालेल्या कच्च्या वाचनांचा. दुसरा थर जुळवून तयार केलेल्या सलग अनुक्रमाचा. तिसरा थर संदर्भ जीनोमशी तुलना केल्यावर आढळलेल्या फरकांचा. कच्चे वाचन जपून ठेवण्याला विशेष कारण आहे. विश्लेषणाच्या पद्धती सुधारत जातात आणि आज निरर्थक वाटणारा तुकडा दहा वर्षांनी महत्त्वाचा ठरू शकतो. मूळ वाचनेच नष्ट झाली, तर नवा अभ्यासक जुन्या निष्कर्षाची फेरतपासणी करू शकत नाही.

भांडारात जमा झालेल्या प्रत्येक नमुन्याला एक कायमस्वरूपी नोंदणी क्रमांक मिळतो. शोधनिबंधात हा क्रमांक दिला की जगातील कोणताही संशोधक त्या माहितीपर्यंत पोहोचतो. अमेरिकेतील जेनबँक हे भांडार १९८२ मध्ये सुरू झाले. युरोपीय रेण्वीय जीवशास्त्र प्रयोगशाळेचे भांडार त्याच सुमाराचे, तर जपानचे डीएनए भांडार त्याच दशकाच्या उत्तरार्धात आले. या तिन्ही संस्था आपापसांत नियमित देवाणघेवाण करतात. त्यामुळे एकीकडे जमा केलेला अनुक्रम तिन्ही ठिकाणी उपलब्ध होतो. मानवी जीनोम प्रकल्पात सहभागी शास्त्रज्ञांनी १९९६ मध्ये बर्म्युडा येथे ठरवलेला दंडक याहून पुढचा होता. तयार झालेला अनुक्रम २४ तासांच्या आत सर्वांसाठी खुला करावा, असे त्यांनी मान्य केले. जनुकशास्त्राची आजची झेप या खुलेपणावर उभी आहे.

बियाण्यांचे भांडार आधी

संगणकीय भांडारे येण्याच्या कितीतरी आधी बियाण्यांची भांडारे होती. रायपूरच्या ठेव्यामागे डॉ. राधेलाल हेरेलाल रिछारिया यांचे नाव आहे. १९५९ पासून १९६७ पर्यंत ते कटक येथील केंद्रीय तांदूळ संशोधन संस्थेचे संचालक होते. फिलिपाइन्समधील आंतरराष्ट्रीय तांदूळ संशोधन संस्थेकडून आलेल्या बुटक्या वाणांचा घाईने प्रसार करण्यास त्यांचा विरोध होता. ही वाणे रोग-किडींना लवकर बळी पडतील आणि सोबत बाहेरचे रोगही येतील, अशी त्यांची भूमिका होती. या मतभेदांनंतर त्यांना कटकचे पद सोडावे लागले.

१९७० च्या दशकात तत्कालीन मध्य प्रदेश सरकारने रायपूरमध्ये तांदूळ संशोधन संस्था सुरू केली आणि तिची धुरा रिछारिया यांच्याकडे आली. छत्तीसगड तेव्हा मध्य प्रदेशाचा भाग होता. रिछारिया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गावोगाव हिंडून भाताचे १७ हजारांहून अधिक नमुने गोळा केले. नमुन्यासोबत स्थानिक नाव, ठिकाण, पिकण्याचा काळ, दाण्याचे स्वरूप आणि शेतकऱ्यांनी सांगितलेले गुण यांची टिपणे ठेवली जात. कोणते वाण खोलगट बांधात टिकते, कोणते माळावरच्या हलक्या जमिनीत लवकर हाती येते, कोणत्याचा भात शिळा झाला तरी मऊ राहतो, हे ज्ञान त्या टिपणांत उतरले. आजच्या परिभाषेत ती माहितीविषयीची माहिती होती. गोळा केलेल्या बियाण्याइतकेच तिचे मोल होते.

ही संस्था १९७८ मध्ये बंद झाली. रिछारियांनी जमवलेले जननद्रव्य कृषी विद्यापीठाकडे गेले आणि १९८७ मध्ये रायपूर येथे इंदिरा गांधी कृषी विद्यापीठ स्थापन झाल्यावर ते त्याच्या स्वाधीन झाले. पुढे त्यात भर पडत गेली. विद्यापीठाकडे आज भाताच्या २३,२५० नोंदी असल्याचे सांगितले जाते. फिलिपाइन्समधील आंतरराष्ट्रीय संस्थेच्या संग्रहानंतर हा जगातील मोठ्या भातसंग्रहांपैकी एक मानला जातो.

येथे ‘नोंद’ आणि ‘वाण’ यांतील फरक ध्यानात घ्यायला हवा. एकाच वाणाचे दोन गावांतून आलेले नमुने दोन नोंदी ठरतात. उलट, एकाच नावाखाली निरनिराळी वाणेही असू शकतात. कोणत्या नोंदी जुळ्या आहेत आणि कोणत्या खरोखर वेगळ्या, हे शेतात पेरून पाहण्यात अनेक हंगाम जातात. शिवाय साठवलेले बियाणे सजीव असते. त्याची उगवणशक्ती कालांतराने घटते, म्हणून ते ठरावीक काळाने पुन्हा पेरून ताजे करावे लागते. त्या फेरपेरणीत सरमिसळ झाली किंवा चिठ्ठी बदलली, तर नोंद कायमची चुकते. जीनोम वाचनाने ही अडचण बरीच सोपी होते, कारण प्रत्येक नमुन्याची जनुकीय ओळख संगणकात नोंदवून पुढच्या प्रत्येक पिढीशी ती ताडून पाहता येते.

डिसेंबर २००२

रायपूरच्या ठेव्याकडे देशाचे लक्ष वेधले गेले ते २००२ मध्ये. सिंजेंटा या स्विस बहुराष्ट्रीय बियाणे कंपनीशी संशोधन सहकार्य करण्याचा इंदिरा गांधी कृषी विद्यापीठाचा प्रस्ताव त्या वर्षाच्या अखेरीस उजेडात आला. भाताच्या संग्रहापर्यंत कंपनीला पोहोचता येईल, या शक्यतेने रायपूरमध्ये तीव्र पडसाद उमटले. शेतकरी संघटना, सामाजिक कार्यकर्ते आणि काही शास्त्रज्ञांनी विरोध केला. शेतकऱ्यांनी विनामूल्य दिलेले बियाणे खासगी कंपनीच्या हाती का द्यायचे, असा त्यांचा सवाल होता. अखेर डिसेंबर २००२ मध्ये सिंजेंटाने या सहकार्यातून माघार घेतली.

या घटनेची दुसरी बाजू सहसा सांगितली जात नाही. त्याच वर्षी एप्रिल महिन्यात ‘सायन्स’ या नियतकालिकात भाताच्या जीनोमचे दोन मसुदे एकाच अंकात प्रसिद्ध झाले होते. इंडिका प्रकाराचा मसुदा चिनी शास्त्रज्ञांच्या गटाचा होता आणि तो सार्वजनिक भांडारात ठेवण्यात आला. जपोनिका प्रकाराचा मसुदा सिंजेंटाचा होता. कंपनीने तो जेनबँकेत जमा न करता स्वतःच्या अटींवर पाहू देण्याची मुभा ठेवली आणि नियतकालिकाने अपवाद म्हणून ते मान्य केले. त्यावर अनेक शास्त्रज्ञांनी हरकत घेतली. माहिती भांडारात नसेल, तर निष्कर्ष तपासायचे कसे, हा त्यांचा मुद्दा होता. पुढे कंपनीने आपली माहिती भाताच्या आंतरराष्ट्रीय जीनोम प्रकल्पाला देण्याचे मान्य केले.

त्या सार्वजनिक प्रकल्पाचे नेतृत्व जपानकडे होते आणि भारतही त्यात सहभागी होता. दिल्ली विद्यापीठाचा दक्षिण परिसर आणि भारतीय कृषी संशोधन संस्थेचा परिसर येथील गटांनी अकराव्या गुणसूत्राच्या वाचनाचा वाटा उचलला. प्रकल्पाने आपला उच्च दर्जाचा मसुदा डिसेंबर २००२ मध्ये जाहीर केला आणि पूर्ण जीनोम २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. याच डिसेंबरात संसदेने जैवविविधता विधेयक मंजूर केले. भाताचे बियाणे, भाताची जनुकीय माहिती आणि त्यांवरील हक्कांचा कायदा हे तीन धागे अशा प्रकारे एकाच महिन्यात पुढे आले.

रायपूरमधील वादामागे भीती होती, तिला इतिहासही होता. रिछारियांच्या कटक येथील अनुभवावर गोव्यातील लेखक क्लॉड अल्वारिस यांनी १९८६ मध्ये ‘इलस्ट्रेटेड वीकली ऑफ इंडिया’मध्ये लिहिलेला लेख बराच गाजला होता. बियाणे बाहेर गेले की त्यावरचा अधिकारही जातो, ही धारणा तेव्हापासून रुजली. तिचा एक परिणाम असाही झाला की संग्रह सुरक्षित राहिला तरी तो वापरात आणण्याबाबत दीर्घकाळ संकोच राहिला. कुलूपबंद बियाण्याची चोरी होत नाही. पण त्यातून नवे वाणही निघत नाही.

एका संदर्भाने भागत नाही

मग हजारो वाणांचे जीनोम वाचून ठेवण्याची गरजच काय, असा प्रश्न पडू शकतो. उत्तर ओडिशाच्या एका वाणात सापडते. ‘एफआर १३ ए’ हे वाण ओडिशातील ‘धलपुटिया’ या पारंपरिक भातातून निवडलेले आहे. पुराच्या पाण्यात पूर्ण बुडूनही ते तग धरते, हे शेतकऱ्यांना आणि संशोधकांना पूर्वीपासून ठाऊक होते. मात्र, त्यामागील कारण २००६ मध्ये उलगडले. बुडाल्यावर रोपाची वाढ आवरून धरणारे आणि त्याची शक्ती वाचवणारे ‘सब-१ए’ हे जनुक त्या वर्षी ओळखण्यात आले. ते ‘स्वर्णा’ या लोकप्रिय वाणात आणले गेले आणि ‘स्वर्णा-सब१’ २००९ मध्ये भारतात प्रसारित झाले. सुमारे दोन आठवडे पाण्याखाली राहूनही हे पीक सावरू शकते.

या कथेतील मर्म पुढे आहे. जगभर संदर्भ म्हणून वापरला जाणारा भाताचा जीनोम ‘निप्पोनबारे’ या जपानी वाणाचा आहे आणि त्यात हे जनुक नाहीच. केवळ त्या एका जीनोममध्ये शोध घेतला असता, तर पुरातून वाचवणारा गुण कधीच हाती लागला नसता. फॉस्फरसची उणीव असलेल्या जमिनीत मुळांची वाढ राखणारे ‘पीएसटॉल-१’ हे २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेले जनुकही संदर्भ जीनोममध्ये आढळत नाही. ते ‘कासालथ’ या पारंपरिक वाणातून मिळाले. दुष्काळ, पूर आणि कसहीन जमीन यांना तोंड देणारे गुण बहुधा अशा दुर्लक्षित वाणांत दडलेले असतात.

याच जाणिवेतून चीनची कृषी विज्ञान अकादमी, आंतरराष्ट्रीय तांदूळ संशोधन संस्था आणि चीनमधील बीजीआय ही संस्था यांनी ८९ देशांतील तीन हजार भातनमुन्यांचे जीनोम वाचले आणि २०१४ मध्ये ती माहिती खुली केली. दक्षिण आणि आग्नेय आशियातील वाणांचा त्यात मोठा वाटा आहे. २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या विस्तृत विश्लेषणात या नमुन्यांमधील सुमारे २ कोटी ९० लाख एकअक्षरी फरक नोंदवले गेले. एखादा गुण कोणत्या फरकाशी जोडलेला आहे, हे संगणकावर शोधण्याची सोय त्यातून झाली. सामान्य साधनसामग्री असलेल्या विद्यापीठातील विद्यार्थीही आता ही माहिती उतरवून घेऊन अभ्यास करू शकतो. भांडाराचे सर्वांत मोठे बळ हेच आहे. एका प्रयोगशाळेने एकदा केलेला खर्च शेकडो प्रयोगशाळांच्या कामी येतो.

अर्थात, अक्षरांतील फरक कळला म्हणजे गुण कळला असे नाही. फरकाची सांगड घालण्यासाठी ते वाण शेतात कसे वागते, याची विश्वासार्ह नोंद लागते. रायपूरच्या संग्रहासोबतची टिपणे म्हणूनच आजही मौल्यवान आहेत. या पारंपरिक वाणांतून नवे काही घडवता येते, याचे उदाहरण मुंबईशी जोडलेले आहे. तुर्भे येथील भाभा अणुसंशोधन केंद्र आणि रायपूरचे कृषी विद्यापीठ यांनी किरणोत्सारी उत्परिवर्तनाच्या साह्याने दुबराज आणि सफरी-१७ यांसारख्या जुन्या वाणांची कमी उंचीची सुधारित रूपे तयार केली आहेत. उंच वाढून लोळणे ही पारंपरिक दुबराजची मोठी अडचण होती.

नाव पुसले गेले तर काय होते?

गोल बाजारातील गोणीवर दिसणाऱ्या एचएमटी या नावाचा उगम छत्तीसगडमध्ये नाही, तो शेजारच्या विदर्भात आहे. चंद्रपूर जिल्ह्यातील नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे अल्पभूधारक शेतकरी दादाजी खोब्रागडे यांना १९८३ मध्ये आपल्या बांधीतील ‘पटेल-३’ धानाच्या पिकात काही वेगळ्या लोंब्या दिसल्या. त्या त्यांनी राखून ठेवल्या, वर्षानुवर्षे निवड करीत वाढवल्या आणि त्यातून बारीक दाण्याचे, चवदार वाण तयार झाले. त्या काळी लोकप्रिय असलेल्या घड्याळाच्या नावावरून त्याला एचएमटी हे नाव पडले.

हे वाण अनेक राज्यांत पसरले. १९९४ मध्ये सिंदेवाही येथील संशोधन केंद्राने त्यांच्याकडून बियाणे नेले आणि १९९८ मध्ये डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाने ‘पीकेव्ही-एचएमटी’ हे वाण प्रसारित केले. श्रेय कोणाचे, यावरून दीर्घकाळ वाद चालला. शुद्धीकरणाचे शास्त्रीय काम आपण केल्याची विद्यापीठाची बाजू होती. मूळ निवड आपली असल्याचे खोब्रागडे सांगत राहिले. २००५ मध्ये तत्कालीन राष्ट्रपती ए. पी. जे. अब्दुल कलाम यांच्या हस्ते त्यांचा गौरव झाला. पण आर्थिक ओढगस्त संपली नाही. ३ जून २०१८ रोजी त्यांचे निधन झाले.

या वादात जीनोम वाचनाचा प्रश्न नव्हता, तरी जनुकीय भांडारांसाठी त्यातील धडा थेट आहे. बियाणे कोणाकडून, कधी आणि कोणत्या अटीवर घेतले, याची नोंद पहिल्याच दिवशी झाली नाही, तर नंतर कोणतेही तंत्रज्ञान ती भरून काढू शकत नाही. दोन नमुने जनुकीयदृष्ट्या किती जवळचे आहेत, हे अनुक्रम सांगेल. ती लोंबी पहिल्यांदा कोणाच्या नजरेने हेरली, हे मात्र तो सांगणार नाही.

आंतरराष्ट्रीय पातळीवर ही उणीव उशिरा का होईना, मान्य झाली आहे. अमेरिका, युरोप आणि जपान येथील तिन्ही भांडारांनी नव्या नोंदींसाठी नमुना कोणत्या देशातून आणि केव्हा घेतला, हे सांगणे २०२३ पासून बंधनकारक करण्यास सुरुवात केली. त्याआधी जमा झालेल्या असंख्य अनुक्रमांसोबत देशाचे नावही नाही. अन्न व शेतीसाठीच्या वनस्पती जनुकीय संसाधनांच्या आंतरराष्ट्रीय कराराखाली बियाण्यांच्या नमुन्यांना जागतिक स्तरावर एकमेव असा डिजिटल क्रमांक देण्याची व्यवस्थाही उभी राहिली आहे. हाच क्रमांक अनुक्रमाच्या नोंदीत आला, तर शीतगृहातील बियाणे आणि संगणकातील अक्षरे यांचा दुवा जुळलेला राहतो.

देशाचे स्वतःचे भांडार

भारतीय संशोधक अनेक वर्षे आपली जनुकीय माहिती परदेशी भांडारांतच जमा करीत. ती व्यवस्था विनामूल्य आणि भरवशाची असली, तरी देशातील माहिती एकत्र पाहण्याची सोय नव्हती. २०२१ मध्ये जैवतंत्रज्ञान विभागाने माहितीच्या देवाणघेवाणीसाठी ‘बायोटेक-प्राइड’ मार्गदर्शक तत्त्वे जाहीर केली. १० नोव्हेंबर २०२२ रोजी फरीदाबाद येथे भारतीय जैविक डेटा केंद्राचे उद्घाटन झाले. प्रादेशिक जैवतंत्रज्ञान केंद्राच्या आवारातील या भांडाराची प्रारंभीची साठवणक्षमता चार पेटाबाइट, म्हणजे सुमारे ४० लाख गिगाबाइट इतकी सांगण्यात आली. आपत्तीच्या प्रसंगी माहिती गमावू नये, म्हणून तिची प्रत भुवनेश्वर येथे ठेवण्याची योजना आहे. सार्वजनिक निधीतून झालेल्या संशोधनातील माहिती येथे जमा व्हावी, अशी अपेक्षा आहे.

या केंद्रात खुल्या माहितीसोबत नियंत्रित प्रवेशाचा स्वतंत्र विभाग आहे. त्याची गरज प्रामुख्याने मानवी जीनोमसाठी भासते. जीनोम इंडिया प्रकल्पात देशातील ८३ लोकसमूहांतील १० हजारांहून अधिक व्यक्तींचे संपूर्ण जीनोम वाचण्यात आले आणि ९ जानेवारी २०२५ रोजी ही माहिती संशोधकांसाठी उपलब्ध झाल्याची घोषणा झाली. ती सरसकट खुली नाही. संशोधकाला प्रस्ताव मांडून आणि अटी मान्य करूनच तिच्यापर्यंत जाता येते.

छत्तीसगड आणि विदर्भ यांना या प्रकल्पाचे महत्त्व वेगळे सांगायला नको. या पट्ट्यातील अनेक समाजांत सिकलसेल आजाराचे प्रमाण लक्षणीय आहे. हिमोग्लोबिनच्या एका जनुकात एकच अक्षर बदलल्याने हा आजार होतो. तरीही त्याची तीव्रता प्रत्येक रुग्णात सारखी नसते. ती कशामुळे बदलते, हे समजण्यासाठी स्थानिक लोकसमूहांचे जीनोम आणि रुग्णांच्या तपशीलवार नोंदी एकत्र अभ्यासाव्या लागतात. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून सुरू झालेल्या राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मोहिमेत सात कोटी लोकांच्या तपासणीचे उद्दिष्ट ठेवण्यात आले. अशा मोहिमांतून गोळा होणारी माहिती रोग्याच्या उपचाराला उपयोगी आहे, तशीच ती विवाह, नोकरी किंवा विम्याच्या वेळी एखाद्याच्या विरोधातही वापरली जाऊ शकते. भाताच्या दाण्याची ओळख जाहीर होणे त्याच्या राखणदाराच्या हिताचे असते; माणसाची ओळख झाकणे त्याच्या हिताचे असते. भांडार एकच असले, तरी दोघांसाठी नियम वेगळे ठेवावे लागतात ते यामुळेच.

अक्षरांचा मोबदला

बियाण्याच्या वापराबद्दल मोबदला देण्याचे तत्त्व १९९२ च्या जैवविविधता कराराने आणि २०१० च्या नागोया मसुद्याने मान्य केले. भारतात वनस्पती वाण संरक्षण व शेतकरी हक्क कायदा २००१ मध्ये आणि जैविक विविधता कायदा २००२ मध्ये आला. पहिल्या कायद्याखाली पारंपरिक वाण जपणाऱ्या शेतकरी समूहांना ‘पादप जीनोम संरक्षक’ हा पुरस्कारही दिला जातो. मात्र हे सारे नियम प्रामुख्याने प्रत्यक्ष बियाण्याभोवती बेतलेले होते. कंपनीला बियाण्याची गोणी लागतच नसेल, भांडारातून उतरवलेल्या अक्षरांवरूनच ती उत्पादन विकसित करू शकत असेल, तर मोबदला कोण मागणार आणि कोणाकडे?

डिसेंबर २०२२ मध्ये कुनमिंग-मॉन्ट्रियल आराखड्यात या ‘डिजिटल अनुक्रम माहिती’च्या लाभवाटपासाठी बहुपक्षीय यंत्रणा उभारण्याचे ठरले. कोलंबियातील काली येथील परिषदेनंतर फेब्रुवारी २०२५ मध्ये रोम येथे ‘काली निधी’ सुरू झाला. जनुकीय अनुक्रमांचा व्यापारी लाभ घेणाऱ्या मोठ्या कंपन्यांनी नफ्याचा एक टक्का किंवा उत्पन्नाचा ०.१ टक्का या निधीत द्यावा, असे सूचक प्रमाण ठरवण्यात आले. निधीचा किमान निम्मा हिस्सा मूलनिवासी आणि स्थानिक समुदायांच्या गरजांसाठी असावा, अशी अपेक्षा आहे. यातील योगदान सध्या ऐच्छिक आहे, ही त्याची मोठी मर्यादा. भारतातही २०२५ च्या लाभवाटपविषयक नियमावलीत डिजिटल अनुक्रम माहितीचा समावेश झाला आहे.

या व्यवस्थेचा लाभ प्रत्यक्ष शेतकऱ्यापर्यंत पोहोचण्याची वाट नोंदींवरूनच जाते. नगरी परिसरातील दुबराजला २०२३ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, ते त्या वाणाचा मुलूख आणि त्याचे राखणदार कागदोपत्री दाखवता आले म्हणून. सरगुजाच्या जिराफूल तांदळालाही त्याआधी, २०१९ मध्ये, असेच मानांकन मिळाले होते. जनुकीय अनुक्रमाच्या नोंदीत गावाचे, वाणाचे आणि शक्य तेथे समुदायाचे नाव असेल, तर उद्या एखाद्या जनुकावर पेटंटचा दावा झाला तरी ते आधीपासून कुठे होते, हे दाखवता येईल. मानांकन बाजारातील नावाचे रक्षण करते. भांडारातील नोंद जनुकाच्या मूळस्थानाची साक्ष देते.

कुलूप आणि मोकळे दार यांच्यामध्ये

२००२ मध्ये रायपूरपुढे दोनच पर्याय दिसत होते : संग्रह कंपनीला खुला करायचा किंवा सर्वांसाठी बंद ठेवायचा. तेव्हा देशाचा जैवविविधता कायदा नुकताच मंजूर होत होता, राष्ट्रीय जनुकीय भांडार नव्हते आणि अनुक्रमांच्या मोबदल्याची कल्पनाही पुढे आलेली नव्हती. आज या तिन्ही गोष्टी कमी-अधिक प्रमाणात अस्तित्वात आहेत. त्यामुळे तिसरा मार्ग व्यवहार्य ठरतो. नमुन्यांचे जीनोम वाचावेत, ते देशातील भांडारात जमा करावेत, प्रत्येक नोंदीला बियाण्याचा क्रमांक, संकलनाचे ठिकाण आणि परवानगीच्या अटी जोडाव्यात आणि मग ती माहिती संशोधकांना वापरू द्यावी.

यासाठी यंत्रांपेक्षा माणसांची गरज अधिक आहे. जुन्या वह्यांतील टिपणे वाचून संगणकात उतरवणारे, स्थानिक बोलीतील वाणांची नावे ओळखणारे आणि एकाच वाणाची दहा गावांतील दहा नावे जुळवणारे जाणकार दिवसेंदिवस कमी होत आहेत. अनुक्रम दहा वर्षांनी वाचला तरी चालेल. बियाणे नीट जपले असेल तर त्यातील अक्षरे तीच राहतील. पण ते वाण कोणत्या बांधीत, कोणत्या पावसात आणि कशासाठी लावले जाई, हे सांगणारा वृद्ध शेतकरी दहा वर्षे थांबेलच असे नाही. म्हणून भांडार भरताना पहिला खर्च या नोंदींवर व्हायला हवा.